खांदेमळणी

मराठी भाषेने खांद्यावर जेवढा भार टाकला आहे, तेवढा तिने दुसऱ्या कुठल्याच अवयवावर टाकलेला नाही. संसाराचे ओझे खांद्यावर, कर्जाची जबाबदारी खांद्यावर, मुलीच्या लग्नाची काळजी बापाच्या खांद्यावर. लढायचे तर खांद्याला खांदा लावून, आणि अखेरचा प्रवास तर चौघांच्या खांद्यांवरूनच! हृदयाचे लाड कवींनी केले, पोटाचे सर्वांनीच. खांद्याचे नाव मात्र निघते ते ओझे ठेवायचे असले म्हणजे. शेतकरी त्या मानाने कृतज्ञ म्हणायचा. पोळ्याच्या आदल्या दिवशी तो बैलांना न्हाऊ घालतो, वर्षभर जू वाहून घट्टे पडलेले त्यांचे खांदे गरम पाण्याने शेकतो आणि हळद-तुपाने चोळतो. या विधीला खांदेमळणी म्हणतात. बैलांच्या खांद्यांसाठी वर्षातला एक दिवस राखून ठेवलेला आहे. माणसांच्या खांद्यांसाठी पंचांगात काही तरतूद नाही.

हे सारे मला सुचले ते अर्थात स्वतःचा खांदा दुखू लागल्यावर. दात आहेत हे दात दुखेपर्यंत कोणाच्या ध्यानात असते?

गेल्या वर्षीच्या आषाढात माझ्या उजव्या खांद्यात रात्रीची कळ येऊ लागली. पडले नव्हते, आपटले नव्हते, जड काही उचलल्याचेही आठवत नव्हते. दिवसा कामाच्या धांदलीत ती दबून असे. रात्री उजव्या कुशीवर वळले की दंडापर्यंत अशी ठणके की उठून बसावे लागे. दोन-तीन महिन्यांनी कळ जरा ओसरली आणि मी हुश्श करते न करते तोच निराळा प्रकार सुरू झाला. हात वर जाईना, मागे वळेना. मग रोज काही ना काही हातचे जाऊ लागले. आधी पोलक्याचे मागचे हूक गेले. मग अंबाडा गेला. मग फडताळाच्या वरच्या फळीवरचा डाळीचा डबा, मग वरच्या दांडीवर काठीने कपडे वाळत घालणे, आणि मग लोकलमधली वरची कडी. डोंबिवलीच्या माणसाला गाडीतली कडी धरता येऊ नये म्हणजे त्याचे निम्मे नागरिकत्वच गेल्यासारखे आहे! देवळात घंटा डाव्या हाताने वाजवली, तेव्हा शेजारच्या आजीबाईंनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिले की मी पायातल्या चपला काढायला विसरले की काय असे मलाच वाटून गेले.

या दुखण्याचे आणखी एक वैशिष्ट्य म्हणजे ते दिसत नाही. सूज नाही, जखम नाही, पट्टी नाही. हात प्लास्टरमध्ये असता तर जिन्यात चार माणसांनी विचारपूस केली असती, लोकलमध्ये एखादीने उठून जागा दिली असती. आखडलेला खांदा घेऊन हिंडणारी बाई मात्र अगदी धडधाकट दिसते. फक्त ती जरा आळशी झाली आहे असा लोकांचा समज होतो.

खांदा दिसत नसला तरी त्यावरचे उपाय सर्वांना ठाऊक असतात. एकीने महानारायण तेल सांगितले, दुसरीने गरम वाळूची पुरचुंडी. आमच्या ओळखीच्या वैद्यबुवांनी या रोगाचे 'अवबाहुक' असे भारदस्त नाव सांगितले आणि खांद्याच्या ठिकाणचा वायू तिथली बंधने सुकवतो व शिरा आखडून टाकतो, असे सुश्रुताने लिहून ठेवल्याचेही सांगितले. पुढे मी जे काही ऐकले आणि डोळ्यांनी पाहिले, ते ध्यानात घेता सुश्रुताचे हे वर्णन मला मोठे अचूक वाटते. सांध्याची बंधने आखडतात हेच तर या दुखण्याचे सार आहे. बाकी कोणाचे काय आणि कोणाचे काय! तळमजल्यावरच्या काकांनी तर हाताला एक जोराचा हिसका देण्याची तयारी दाखवली होती. ती मी नम्रपणे नाकारली.

हाडांच्या डॉक्टरांनी मला तपासले ते पाच मिनिटांत, आणि त्यात यंत्रबिंत्र काही नव्हते. कोपर कमरेशी टेकवून हात काटकोनात पुढे धरायला सांगितला, आणि मनगट धरून, दार उघडावे तसा, तो बाहेरच्या बाजूला फिरवला. डावे दार सहज उघडले. उजवे जागचे हलेना.

"काकू, तुम्हांला हात फिरवता येत नाही हे एक झालं," ते म्हणाले, "पण मलाही तो फिरवता येत नाही, हे महत्त्वाचं. आतला स्नायू नुसता तुटला असता, तर तुम्हांला हात उचलता आला नसता, पण मी उचलल्यावर तो वर गेला असता."

क्ष-किरणांचे चित्र काढले ते सांधा झिजलेला नाही ना एवढे पाहण्यापुरते. ते स्वच्छ आले. मग त्यांनी एकच प्रश्न विचारला, "साखर आहे का?" साखर आहे. अकरा वर्षांची जुनी आहे. मधुमेह असणाऱ्यांत हे दुखणे इतरांपेक्षा कितीतरी अधिक आढळते आणि ते चिवटही असते, हे मला तेव्हा कळले. एरवी ते चाळिशी ते साठीच्या दरम्यान गाठते आणि पुरुषांपेक्षा बायकांना अधिक. जपानी लोकांनी तर त्याचे नावच 'गोजूकाता', म्हणजे पन्नाशीचा खांदा, असे ठेवले आहे. आपल्याकडे पन्नाशीत चष्मा बदलतो आणि सुना येतात. जपानात खांदा येतो!

खांद्याच्या आत काय बिघडते ते डॉक्टरांनी एका कागदावर चित्र काढून समजावले. त्यांचे चित्र काही फारसे चांगले नव्हते, म्हणून मी ते माझ्या भाषेत सांगते. दंडाच्या हाडाचे वरचे टोक चेंडूसारखे गोल असते आणि ते खवाट्याच्या हाडावरच्या एका उथळ बशीला टेकलेले असते. चेंडू त्या बशीच्या तीन-चार पट मोठा. म्हणून तर हात दाही दिशांना फिरतो. खुब्याच्या खोल वाटीत मांडी बसवलेली आहे, तशी खांद्याची गोष्ट नाही. या चेंडू-बशीला वेढून एक सैलसर पातळ पिशवी असते. काखेच्या बाजूला तिला निऱ्या असतात. हात खाली असला की त्या मिटतात, वर गेला की उलगडतात. नऊवारीच्या निऱ्या पाऊल टाकताना उलगडाव्यात ना, तशा. या दुखण्यात ही पिशवी आधी सुजते, लाल होते, मग जाड होते आणि आकसते. निऱ्या उलगडेनाशा होतात. एरवी तिच्यात चांगले चार-सहा चमचे पाणी मावते. आकसलेल्या पिशवीत एक-दोन चमच्यांनाही मारामार. हाड शाबूत, स्नायू शाबूत, फक्त आतले अस्तर आटलेले. कोरे पातळ पहिल्या धुण्यात आटले की नेसताना जी तारांबळ उडते, तीच खांद्याची.

असे का होते, याचे पुरते उत्तर अजून कोणाजवळ नाही. बोस्टनचे अर्नेस्ट कॉडमन यांनी १९३४ साली खांद्यावर एक मोठा ग्रंथ लिहिला आणि या दुखण्याला 'गोठलेला खांदा' हे नाव दिले. त्यांनीही त्यात कबूल केले आहे की याची व्याख्या करणे अवघड, उपचार अवघड आणि उलगडा करणेही अवघड. एवढ्या मोठ्या माणसाने इतका प्रामाणिकपणा दाखवल्यावर आपण काय बोलावे? पण नाव मात्र नामी आहे. कारण दुखणे जाते तेही बर्फासारखेच. आधी गोठते, मग गोठलेले राहते, आणि मग हळूहळू वितळू लागते. बहुतेकांचे आपण होऊन वितळते. मात्र त्याला वर्ष लागते, दोन लागतात, काहींना त्याहून अधिक. आणि कित्येकांचा हात पुढेही थोडासा आखडलेलाच राहतो.

आमच्या घरात हे कळल्याबरोबर सर्वांना फार आनंद झाला. आपोआप बरे होणारे दुखणे! हे म्हणाले, "मग घाई कसली?" मुलगा बंगळूरहून फोनवर म्हणाला, "आई, धीर धर, उगाच चिरफाड नको." त्यांचे काही चुकत नव्हते. मीही धीर धरला. सांध्यात स्टेरॉइडचे इंजेक्शन घेतले. त्याने रात्रीची कळ खरोखर गेली, पण चार दिवस रक्तातली साखर अशी भडकली की मी आरशात पाहतानाही चोरट्यासारखी पाही. व्यायाम सुरू केले. दिवाळीपासून माघापर्यंत तीन महिने केले. हात खांद्याच्या रेषेपर्यंत आला आणि तिथे, फाटकाची कडी लागावी तसा, अडला.

एखादीने इथे आणखी वर्षभर वाट पाहिली असती, आणि ते शहाणपणाचेच ठरले असते. माझ्या घरात मात्र वाट पाहू न शकणारे एक माणूस होते.

माझ्या सासूबाई अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या आहेत. परभणीकडच्या एका खेड्यात शेतकऱ्याच्या घरी जन्मलेल्या, आडदांड बांध्याच्या, एके काळी डोक्यावर दोन आणि कमरेवर एक घागर आणणाऱ्या. तीन वर्षांपूर्वी त्यांच्या खुब्याचे हाड मोडले. ते जोडले गेले, पण तेव्हापासून त्यांना खाटेवरून उठवून बसवावे लागते. दिवसा एक बाई येतात. रात्री आणि पहाटे मी. उठवण्याची आमची एक ठरलेली पद्धत होती. त्यांनी दोन्ही हात माझ्या गळ्यात टाकायचे, मी दोन्ही हात त्यांच्या काखांतून घालून पाठीशी गुंफायचे, आणि "हं" म्हणून दोघींनी एकदम उठायचे. खांदा आखडल्यापासून ही पद्धत मोडली. माझा उजवा हात त्यांच्या काखेपर्यंत पोचेना. मग रात्री ह्यांना उठवावे लागे. हे बिचारे कधी कुरकुरले नाहीत. पण मुलाने उचलून आपल्याला न्हाणीघरात न्यायचे, याची सासूबाईंना फार लाज वाटे. तसे त्या बोलल्या नाहीत. त्यांनी काय केले, तर संध्याकाळी सहानंतर पाणी पिणेच सोडून दिले. म्हणजे रात्री उठायला नको! मी तांब्या पुढे केला की म्हणायच्या, "नको गं, तहान नाही." माघात त्यांना लघवीला जळजळ सुरू झाली आणि थंडी वाजून ताप भरला. आमच्या फॅमिली डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, "आजी, पाणी किती पिता?" त्यांनी माझ्याकडे पाहिले आणि नजर वळवली.

त्या रात्री मी हिशेब केला. खांदा आपोआप वितळायला आणखी वर्ष-दीड वर्ष. अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या माणसाला "वर्ष-दीड वर्ष कमी पाणी प्या" असे सांगायचे?

दुसऱ्या दिवशी हाडांच्या डॉक्टरांकडे जाऊन मी सरळ विचारले, "दुर्बिणीने करतात ती शस्त्रक्रिया मला चालेल का?"

या गृहस्थांचे मला कौतुक वाटते ते एवढ्यासाठी, की त्यांनी मला शस्त्रक्रिया विकली नाही. उलट विलायतेतल्या एका मोठ्या पाहणीची हकिकत सांगितली. ब्रिटनमधल्या ३५ रुग्णालयांतून गोठलेल्या खांद्याचे ५०३ रोगी घेऊन त्यांचे चिठ्ठ्या टाकाव्यात तसे तीन गट केले होते. एकाला इंजेक्शन देऊन पद्धतशीर व्यायाम. दुसऱ्याला भूल देऊन डॉक्टरांनी हात फिरवून सांधा मोकळा करायचा. तिसऱ्याला दुर्बीण घालून आखडलेली पिशवी आतून कापायची. वर्षानंतर पाहिले तर तिन्ही गट सुधारलेले, आणि एकाने दुसऱ्यावर ठळक मात केली असे काही दिसले नाही. गंभीर त्रास झाले त्यांतले बहुतेक शस्त्रक्रियेच्या गटात. मात्र पुढे आणखी उपचार घ्यावे लागण्याचे प्रमाण त्याच गटात सर्वांत कमी. खर्चाच्या मानाने भूल देऊन हात फिरवणे उजवे ठरले. ही पाहणी २०२० साली 'लॅन्सेट'मध्ये छापून आली. खांद्याच्याच दुसऱ्या एका दुखण्यासाठी, म्हणजे वरच्या हाडाखाली स्नायू घासतो त्यासाठी, दुर्बिणीने हाड तासण्याची शस्त्रक्रिया सर्रास होत असे. तिची तर याहून कडक परीक्षा झाली. काही रोग्यांच्या खांद्यात नुसती दुर्बीण घालून पाहिले आणि काहीही न तासता बाहेर काढली. आणि तासलेल्यांत व न तासलेल्यांत जाणवण्याजोगा फरक पडला नाही! हेही २०१८ साली त्याच नियतकालिकात आले.

"म्हणजे करू नये म्हणता?" मी विचारले.

"तसं नाही. तुमचा खांदा इंजेक्शन आणि व्यायाम दोन्हींना बधला नाही, साखर आहे, आठ महिने झालेत. अशा खांद्याला शस्त्रक्रिया हा रास्त उपाय आहे. पण चमत्कार म्हणून करू नका. आणि तीननंतर सहा महिने कशी वागता त्यावर सगळं आहे."

'तीननंतर' म्हणजे तीन भोकांनंतर. खांद्याला तेवढीच भोके पाडतात, आणि प्रत्येक शर्टाच्या गुंडीएवढेसुद्धा नसते.

शस्त्रक्रियेच्या आधी महिनाभर साखर आटोक्यात आणायची होती. त्या सक्तीच्या बिनगोड महिन्यात मी या दुर्बिणीची कुळकथा वाचून काढली. ती मला फार रंजक वाटली. तोक्योचे केंजी ताकागी यांनी १९१८ साली मूत्राशय पाहण्याची नळी एका प्रेताच्या गुडघ्यात घालून पाहिली. त्यांना चिंता होती ती क्षयाने आखडणाऱ्या गुडघ्यांची. जमिनीवर बसून जेवणाऱ्या, जमिनीवरच पाहुण्यांचे स्वागत करणाऱ्या लोकांना गुडघा न वाकणे ही किती मोठी आपत्ती आहे, हे आपल्याला सांगायला नको. त्यांचे शिष्य मासाकी वातानाबे यांनी ती नळी सुधारत सुधारत एकविसाव्या नमुन्यापर्यंत आणली, आणि १९६२ साली तिच्या साहाय्याने गुडघ्यातल्या फाटलेल्या गादीचा तुकडा काढला. न्यूयॉर्कचे मायकेल बर्मन यांनी १९३१ सालीच प्रेतांच्या निरनिराळ्या सांध्यांत, खांद्यातसुद्धा, नळी घालून पाहिले होते. आज खांद्यात घालतात ती दुर्बीण चार मिलिमीटर जाडीची असते, आणि तिची नजर सरळ नसून तीस अंशांनी तिरकी असते, म्हणजे नुसती नळी फिरवली की कोपऱ्याआडचे दिसते. आमच्या इमारतीतल्या काही जणींना ही देणगी जन्मजात आहे, पण ते असो.

फाल्गुनात शस्त्रक्रिया झाली. भूल देणाऱ्या बाईंनी आधी मानेच्या मुळाशी, सोनोग्राफीच्या पडद्यावर पाहत, एक सुई दिली. पंधरा मिनिटांत माझा हात माझा राहिला नाही. बोटे हलवीन म्हटले तर निरोप मनगटापर्यंतसुद्धा पोचेना. आवाज जरा घोगरा झाला, आणि हे असे होते, घाबरू नका, असे त्यांनी आधीच सांगितले होते म्हणून बरे. मग मला पुरते झोपवले. पुढचे मी पाहिले ते आठ दिवसांनी, डॉक्टरांनी दाखवलेल्या चित्रफितीत.

स्वतःच्या खांद्याच्या आत डोकावण्याचा प्रसंग माणसावर क्वचितच येतो. आत अंधार असेल अशी माझी कल्पना होती. तिथे लख्ख उजेड होता. सांधा मिठाच्या पाण्याने फुगवलेला. चेंडूवरचे आवरण पांढरेशुभ्र, गुळगुळीत, शिंपल्याच्या आतल्या बाजूसारखे. आणि सभोवती जिथे तितकीच नितळ पिशवी असायची तिथे लाल, जाडसर, जास्वंदीच्या चुरगळलेल्या पाकळ्यांसारखे अस्तर. एक बारीक दांडी आत आली आणि तिच्या टोकाशी बुडबुडे उठू लागले. ती विजेने तापणारी सुरीच होती म्हणा ना. समोरची जाड दोरखंडे तिने एकेक करून मोकळी केली. काखेच्या बाजूला गेल्यावर मात्र तिची चाल मंदावली. "इथे पिशवीच्या अगदी लगत, पलीकडे, एक मज्जातंतू आहे," डॉक्टर म्हणाले. "दंडाच्या बाहेरच्या स्नायूला तोच चालवतो. त्याला धक्का लागला तर हात उचलायचीच पंचाईत. इथे कोणीही घाई करत नाही." पडद्यावर ती दांडी, साय काढताना आपण दुधाला धक्का लावत नाही ना, तशी चालली होती. पिशवी फाटली आणि निऱ्या सुटल्या. त्या क्षणी मी खुर्चीत बसल्या बसल्या खांदा हलवून पाहिला.

पण माझ्या मनात राहिलेली गोष्ट चित्रफितीतली नाही, त्याच दिवशी संध्याकाळची आहे. मी शुद्धीवर आले होते. हात अजून बधिरच होता. खांदा आतल्या पाण्याने मोठ्या भाकरीएवढा फुगला होता. व्यायाम शिकवणारी पोरगेलीशी मुलगी आली. "काकू, बघा हं," असे म्हणून तिने माझा हात उचलला. तो वर गेला. कानाशी गेला. डोक्यावर गेला. मला काही जाणवत नव्हते. दुसऱ्याच कोणाचा हात पाहावा तशी मी पाहत होते. आठ महिन्यांत जो हात खांद्याच्या रेषेपलीकडे गेला नव्हता, तो छताकडे बोट दाखवत उभा होता. "आता तुम्ही पाहिलंत ना? आता दुखलं तरी म्हणायचं नाही की जात नाही." ती एवढेच बोलली. तिचा हेतू नेमका तोच होता, हे मला मध्यरात्री सुईचा अंमल उतरल्यावर कळले. त्या रात्रीच्या ठणक्याचे वर्णन मी करणार नाही. दिवाळी अंक आहे.

दुसऱ्या दिवसापासून हात फिरवायचा. झोळीत बांधून ठेवायचा नाही, कारण पिशवी पुन्हा जखडायला टपलेलीच असते. ओट्याला धरून वाकायचे आणि हात घड्याळाच्या लंबकासारखा झुलवायचा (हा व्यायामसुद्धा त्याच कॉडमनसाहेबांच्या नावाने ओळखतात). बोटांच्या मुंग्या करून भिंतीवर चढवायच्या. पाठीमागे पंचा धरून, अंग पुसल्यासारखा वर-खाली ओढायचा. आणि कप्पी! स्वयंपाकघराच्या दाराच्या चौकटीला ह्यांनी एक कप्पी ठोकली आणि तिच्यातून दोरी सोडली. चांगल्या हाताने दोरी ओढायची की आजारी हात वर जातो. दिवसातून पाच वेळा. पहिल्या पंधरवड्यात प्रत्येक वेळी डोळ्यांत पाणी येई. सासूबाई खाटेवरून पाहत असायच्या आणि मोजायच्या. मी वीस म्हटले की त्या म्हणायच्या, "अठराच झाले." त्यांना हिशेबात कधी कोणी फसवलेले नाही.

भिंतीवर पेन्सिलीच्या खुणा वाढत गेल्या. चैत्रात अंबाडा परत आला. वैशाखात डाळीचा डबा. पोलक्याचे मागचे हूक अजूनही जमत नाहीत. हात पाठीमागे कमरेच्या जरा वर जाऊन थांबतो, आणि हीच हालचाल सर्वांत शेवटी येते असे म्हणतात. मी पुढे हूक असलेली पोलकी शिवून घेतली. ज्येष्ठात एका पहाटे सासूबाईंनी हाक मारली तेव्हा ह्यांना न उठवता मी वाकले, दोन्ही हात त्यांच्या काखांतून घातले आणि आम्ही दोघींनी "हं" म्हटले. न्हाणीघरातून परत आल्यावर त्यांनी तांब्या मागितला आणि अर्धा रिकामा केला.

यंदा पोळ्याच्या आदल्या दिवशी त्यांच्या भाच्याचा परभणीहून फोन आला. पाऊसपाण्याचे बोलणे झाले, बैल आता एकच जोडी राहिली आहे असे तो म्हणाला. फोन ठेवल्यावर सासूबाई बराच वेळ गप्प होत्या. संध्याकाळी म्हणाल्या, "वाटीत जरा तूप घे. कोमट कर. हळद घाल त्यात."

मला वाटले, कुठे खरचटले असेल. वाटी नेऊन दिली तर म्हणाल्या, "बस इथं. खांदा उघडा कर."

त्यांचे हात आता कापतात, पण तळव्यांत अजून जोर आहे. भोकांचे तीन डाग आता नखाएवढे राहिले आहेत. ते त्यांनी बोटांनी चाचपून पाहिले आणि हळद-तूप जिरेपर्यंत खांदा चोळला. आमच्या इतक्या वर्षांच्या संसारात त्यांनी माझ्या अंगाला तेल लावल्याचे मला बाळंतपणाखेरीज आठवत नाही. चोळून झाल्यावर, खेड्यात त्या दिवशी बैलांना दुसऱ्या दिवसाच्या जेवणाचे आवतण देतात तसे, त्यांनी मलाही दिले. "उद्या जेवायला ये गं," अगदी गंभीरपणे. पुरणपोळ्या मीच करायच्या होत्या, हे निराळे.

दिवाळीची साफसफाई निघाली तेव्हा ह्यांनी स्टूल आणून कप्पी काढायला घेतली. मी थांबवले. गेल्या पंधरवड्यापासून डाव्या कुशीवर वळले की दंडात बारीकशी कळ येते. मधुमेहाच्या माणसाचा एक खांदा गेला की दुसऱ्यावरही नजर ठेवावी लागते, असे डॉक्टरांनी आधीच बजावले होते. परवा त्यांनी कोपर कमरेशी टेकवून डावे दार उघडून पाहिले; अजून पुरते उघडते. महिन्याने पुन्हा बोलावले आहे. स्टूल परत जागेवर गेले, आणि दाराला तोरण बांधताना ह्यांनी कप्पीच्या दोरीलाही झेंडूची दोन फुले अडकवली.